रंगांचे पैसे

सिनेमा संपला, दिवे लागले, आणि खुर्च्या दुमडल्याच्या खडखडाटात मागच्या रांगेतून प्रश्न आला, "पण आता हिची चित्रं केवढ्याला जात असतील हो?" फिल्म सोसायटीचा खेळ होता, 'सेराफीन' या फ्रेंच सिनेमाचा. पडद्यावर शेवटी जे काही दिसलं होतं त्यानं सगळे जरा गप्पगप्पच होते, आणि त्या शांततेत हा प्रश्न फारच मोठ्यानं विचारल्यासारखा वाटला. विचारणारे गृहस्थ सत्तरीचे असतील. मांडीवर कापडी पिशवी, पिशवीतून कोथिंबिरीची जुडी डोकावतेय. दोघातिघांनी मागे वळून त्यांच्याकडे नाराजीनं पाहिलं. मलाही राग आला. मग बाहेर चहाच्या टेबलाभोवती चर्चा रंगली ती प्रकाशयोजनेची, नायिकेच्या चालीची, फ्रेंचांच्या संथपणाची. त्या गृहस्थांना कोणीच उत्तर दिलं नाही. त्यांनी चहात बिस्किट बुडवून खाल्लं, कप कचऱ्याच्या डब्यात टाकला आणि ते जिना उतरून गेले.

प्रश्न मात्र काही केल्या डोक्यातून जाईना. कारण विचार करू लागले तसं लक्षात आलं, की गेले दोन तास ती पडद्यावरची बाई दुसरं काय करत होती? ती नाणी मोजत होती.

दिग्दर्शक मार्तां प्रोव्होचा 'सेराफीन' २००८ सालचा. सेराफीन लुई ही खरीखुरी बाई. पॅरिसच्या उत्तरेला वाझ भागात, आर्सी नावाच्या खेड्यात १८६४ साली जन्मली. आईबाप लहानपणीच गेले. आधी मेंढ्या राखल्या, मग क्लेरमोंच्या नन्सकडे वीसेक वर्षं घरकाम केलं आणि १९०१ नंतर सांलिस गावात चार घरची धुणीभांडी धरली. दिवसा लोकांच्या फरश्या घासायच्या आणि रात्री आपल्या खोलीत, जमिनीवर, मेणबत्तीच्या उजेडात चित्रं काढायची. फुलं, फळं, पानं. कोणी शिकवलेलं नाही. सिनेमात ती सांगते, की देवदूतानं काढायला सांगितलं म्हणून काढते. एवढ्या मालमसाल्यावर एखाद्यानं देवदूताच्या मागे लागून भारावलेला सिनेमा केला असता. प्रोव्हो लागतो तो रंगांच्या मागे, म्हणजे रंग कुठून आणायचे या कटकटीच्या मागे. कसायाच्या दुकानात कोणाचं लक्ष नाहीसं बघून सेराफीन रक्त छोट्या बाटलीत भरून घेते. चर्चमधलं मेण उचलते. ओढ्याकाठचा चिखल, गवत, मुळं गोळा करते. पांढरा रंग मात्र तिला असा गोळा करून मिळत नाही, तो दुकानातून विकतच घ्यावा लागतो. खरी सेराफीन रिपोलिन वापरायची. दारं-खिडक्यांना लावायचा साधा तयार रंग तो. सिनेमात ती काउंटरवर नाणी ठेवते तेव्हा तिचा चेहरा मागच्या कुठल्याही प्रार्थनेच्या प्रसंगापेक्षा गंभीर असतो. इकडे खोलीचं भाडं थकलेलं, कोळसा नाही, बोटं थंडीनं सुजलेली. हे पैसे रंगाला गेले तर ते पैसे शेगडीला राहत नाहीत, इतका सरळ हिशेब आहे, आणि तो ती दर वेळी रंगाच्या बाजूनं सोडवते.

मला या सिनेमातलं सर्वांत आवडतं दृश्य नदीवर चादरी धुण्याचं आहे. ओल्या चादरीचं वजन किती असतं हे ज्यानं हातानं चादर पिळली आहे त्यालाच कळतं. सेराफीन झालेली योलांद मोरो ती चादर पाण्यातून ओढते तेव्हा खांद्यापासून कमरेपर्यंत सगळं शरीर कामाला लागतं. मोरो ही बेल्जियन नटी, फ्रान्समध्ये तोवर बरीचशी विनोदासाठी ओळखली जाणारी. थोराड बांधा, खाली झुकलेली मान, पाय ओढत चालणं. कलाकार म्हटल्यावर आपल्याला पडद्यावर जे अपेक्षित असतं, म्हणजे पेटलेले डोळे, लांबसडक बोटं, विस्कटलेले केस, त्यातलं काहीच नाही. आणि चित्र काढतानाचे तिचे हात फरशी घासतानाच्या हातांसारखेच चालतात. तीच गुडघ्यांवरची बैठक, तसंच पुढेमागे होणारं अंग. हे दिग्दर्शकानं ठरवून केलं असणार, पण तो ते कुठेही बोट ठेवून दाखवत नाही. एकदा फरशी दिसते, कितीतरी वेळानं चित्र दिसतं, आणि दोन्हींतला सारखेपणा ज्याला दिसेल त्याला दिसेल.

प्रोव्हो मुळात नट. १९५७ साली ब्रेस्तमध्ये, म्हणजे ब्रिटनीच्या टोकाच्या बंदरात जन्मला, पॅरिसला येऊन रंगभूमीवर उभा राहिला, काही वर्षं कॉमेदी-फ्रान्सेजसारख्या मानाच्या नाट्यसंस्थेत काढली. पहिला सिनेमा १९९७ चा, त्यानंतरचा २००३ चा. दोन्ही आले आणि गेले. 'सेराफीन'च्या वेळी पन्नाशी उलटलेली. या सिनेमाला २००९ साली सात सेझार मिळाले, म्हणजे फ्रेंच सिनेमाचे सर्वोच्च पुरस्कार. सर्वोत्कृष्ट चित्रपट, अभिनेत्री, पटकथा, छायालेखन, संगीत, वेशभूषा, कलादिग्दर्शन. दिग्दर्शनाचा मात्र नाही. तो त्या वर्षी एका कुख्यात दरोडेखोराच्या जीवनावरच्या सिनेमाला गेला. तोही चरित्रपटच, पण बंदुकांचा. मला याची गंमत वाटते. चित्रपट उत्तम, त्यातली बाई उत्तम, लिहिणं, दिसणं, ऐकू येणं, कपडेपट, घरंदारं सगळं उत्तम, आणि हे सगळं जणू आपोआप जमून आलं! प्रोव्होचं दिग्दर्शन नजरेत भरत नाही, ही त्याच्या कामाची खूण म्हणायची की त्याची अडचण, यावर माझं मत वेगवेगळ्या सिनेमांना वेगवेगळं आहे. त्याबद्दल पुढे.

आपल्याकडे चरित्रपट म्हटला की बाळ आधी जन्माला यावं लागतं. मग शाळा, मग मास्तरांनी ओळखलेली चुणूक, मग अपमान, मग उत्तरार्धात टाळ्या, आणि शेवटी श्रेयनामावलीच्या बाजूला खऱ्या माणसाचे कृष्णधवल फोटो. हे फक्त आपल्याकडेच असं नाही, हॉलीवूडवालेही यातून सुटलेले नाहीत. प्रोव्हो बालपण सोडूनच देतो. सेराफीन पहिल्यांदा दिसते तेव्हा ती पन्नाशीला टेकलेली असते. तिच्या आयुष्यातली मोठमोठी वर्षं तो एका कटमध्ये ओलांडतो, आणि एखाद्या दुपारी मात्र रेंगाळतो. झाडाच्या बुंध्यावर हात ठेवून उभी राहिलेली ती, नाही तर मालकिणीच्या स्वयंपाकघरात चोरून काहीतरी तोंडात टाकणारी. आयुष्याचा आलेख वगैरे काही हाती लागत नाही. सिनेमा बघून उठल्यावर तिची माहिती सांगा म्हटलं तर धड चार वाक्यं सांगता येणार नाहीत, पण ती भाजी कशी चिरत असेल हे सांगता येईल.

आणि मग तो जर्मन माणूस.

विल्हेल्म ऊडे. कलाव्यापारी, संग्राहक. पिकासो आणि ब्राक यांची चित्रं फारसं कोणी विचारत नसताना विकत घेणारा, आन्री रूसो या चित्रकाराचा पाठीराखा. पिकासोनं १९१० साली ऊडेचं व्यक्तिचित्र काढलं आहे. कोनाकोनांचं, पण माणूस ओळखू येतो असं. १९१२ मध्ये हा विश्रांतीला म्हणून सांलिसला खोली घेऊन राहतो, आणि एके दिवशी गावातल्या कोणाच्या तरी घरी सफरचंदांचं छोटंसं चित्र बघतो. कोणी काढलं? तर त्याच्याच घरी झाडलोट करणाऱ्या बाईनं. पुढचं ज्यांना सिनेमा बघायचाय त्यांच्यासाठी सोडायला हवं खरं, पण प्रोव्होच्या सिनेमात 'पुढे काय' ही गोष्टच फार महत्त्वाची नसते, म्हणून सांगतेच. १९१४ ला युद्ध पेटतं. ऊडे जर्मन, म्हणजे रातोरात शत्रू. तो पळतो. त्याचा सगळा संग्रह फ्रेंच सरकार जप्त करतं आणि १९२१ साली लिलावात विकून टाकतं. सेराफीन मागे राहते, पुन्हा फरश्या घासते आणि काढत राहते. १९२७ मध्ये सांलिसच्या नगरभवनात स्थानिक चित्रकारांचं प्रदर्शन भरतं, तिथं ऊडेला तिची चित्रं पुन्हा दिसतात. आता ती मोठी झाली आहेत, दाट, कडेपासून कडेपर्यंत भरलेली. पानांना डोळे असल्यासारखी, फळांना पिसं असल्यासारखी. ऊडे तिला दोन-दोन मीटरचे कॅनव्हास पुरवतो, रंग पुरवतो, पैसे देतो. आयुष्यात पहिल्यांदा तिला भाड्याची फिकीर उरत नाही. आणि बाई जे सुटते! चांदीची भांडी, मोठं घर, सामानसुमान, आणि एक पांढराशुभ्र लग्नाचा पोशाख.

हा भाग बघताना मी अस्वस्थ झाले, आणि का झाले ते सांगणं जरा अवघड आहे. गरीब माणूस पैसे कसे खर्च करतो याकडे बघण्याची आपली एक ठरलेली नजर असते. कोळसा घेतला तर शहाणी, चांदी घेतली तर डोकं फिरलं. प्रोव्हो इथं कॅमेरा कुठे ठेवतो ते बघण्यासारखं आहे. तो ना दुकानदाराच्या हसण्याकडे जातो ना ऊडेच्या कपाळावरच्या आठ्यांकडे जास्त वेळ थांबतो. कापडावरून फिरणारा तिचा हात तेवढा दाखवतो. जन्मभर दुसऱ्यांचं कापड धुतलेला हात स्वतःच्या कापडावरून फिरतोय. मग १९३० येतं, जगभर मंदी, चित्रांचा बाजार झोपतो आणि ऊडे हात आखडता घेतो. त्याची बाजू समजते. त्याच्याकडेही नाहीत. पण तिला मंदी वगैरे कशी समजावी? तिला पॅरिसमध्ये प्रदर्शनाचं वचन मिळालेलं आहे, देवदूतांना तारीख कळवून झाली आहे. एके दिवशी ती लग्नाचा पोशाख घालून बाहेर पडते आणि लोकांच्या उंबऱ्यांवर आपली चांदी ठेवत गावभर फिरते. १९३२ मध्ये तिला क्लेरमोंच्या वेड्यांच्या इस्पितळात दाखल करतात.

पुढच्या चरित्रपटाची कथा इथूनच फुटलेली आहे. 'सेराफीन'ची पटकथा चालू असताना लेखक-समीक्षक रने द सेकातीनं प्रोव्होच्या हातात व्हियोलेत लद्यूक या फ्रेंच लेखिकेचा एक अप्रकाशित मजकूर ठेवला. विषय होता सेराफीन. म्हणजे एका अव्हेरलेल्या बाईवर दुसऱ्या अव्हेरलेल्या बाईनं लिहून ठेवलेली पानं, आणि ती एका दिग्दर्शकापर्यंत पोचतात! 'व्हियोलेत' आला २०१३ मध्ये. लद्यूक १९०७ ची, अर्रास गावची, मोलकरणीला झालेली अनौरस मुलगी. हिचीही सुरुवात प्रोव्हो पाळण्यापासून करत नाही. युद्धकाळ आहे, नॉर्मंडीच्या थंडीत व्हियोलेत काळ्या बाजारात मांस-लोणी विकून जगतेय. हाताला रग लागेल अशी जड सूटकेस, चिखल, पोलिसांची भीती. या बाईच्या हातात लेखणी नंतर येते, आधी मटण येतं. एमान्युएल दव्होसनं या भूमिकेसाठी खोटं नाक लावलं होतं. लद्यूकला स्वतःच्या नाकाचा, एकूण रूपाचाच भयंकर राग होता, आणि तो राग दव्होस पूर्ण सिनेमाभर अंगावर बाळगते. ती सहन होत नाही. ती रडते, चिकटते, फुलं घेऊन दारात उभी राहते, नको तेव्हा फोन करते. मला हे फार धाडसाचं वाटतं. सेराफीनवर प्रेम करणं सोपं आहे, ती काही मागत नाही. व्हियोलेत सतत मागते.

ती मागते ती त्या काळच्या नामवंत लेखिकेकडे, सिमोन द बोव्हुआरकडे. सांद्रीन किबर्लेंची बोव्हुआर ताठ, नीटनेटकी, घड्याळाकडे बघून बोलणारी. तिला व्हियोलेतचं लिखाण थोर वाटतं, व्हियोलेत मात्र झेपत नाही. पहिलं पुस्तक १९४६ मध्ये गालिमार या प्रकाशन संस्थेकडून निघतं, लेखक आल्बेर काम्यू संपादित करायचा त्या मालिकेत, आणि दुकानांतून नाहीसं होतं. १९५५ च्या कादंबरीची सुरुवातीची पानं, दोन मुलींच्या प्रेमाची, प्रकाशक कापूनच टाकतो. व्हियोलेत पार कोलमडते. या सगळ्या काळात दरमहा एक ठरावीक रक्कम तिला मिळत असते. प्रकाशकाकडून येते असं तिला सांगितलेलं असतं. प्रत्यक्षात ती बोव्हुआर स्वतःच्या खिशातून देत असते.

या रकमेपाशी मी पुष्कळ दिवस घुटमळत राहिले. बोव्हुआरनं हे लपवलं ते व्हियोलेतचा मान राखायला की स्वतःची सुटका करून घ्यायला? पैसे माझे आहेत असं कळलं असतं तर व्हियोलेत अजूनच गळ्यात पडली असती हे उघड आहे. मदत आणि अंतर दोन्ही एकाच पाकिटात घातलेली. आणि तरी त्या पाकिटामुळेच एक बाई वर्षानुवर्षं लिहू शकली, आणि १९६४ मध्ये तिचं आत्मचरित्र बोव्हुआरच्याच प्रस्तावनेसह बाहेर पडलं, गाजलं, गोंकूर या फ्रान्समधल्या मानाच्या साहित्य पुरस्काराच्या तोंडापर्यंत गेलं. वयाच्या सत्तावन्नाव्या वर्षी तिला स्वतःच्या लिखाणाचे पैसे बघायला मिळाले. प्रोव्हो बोव्हुआरला ना संत करतो ना दुष्ट. ती दार उघडते, पाकीट पोचवते, दार लावते.

आमच्या माहेरच्या आळीत माझी एक मावशी भरतकाम करायची. लग्नातली शेल्याची काठं, बाळंतविडे, टेबलक्लॉथ. दुपारी खिडकीशी, चष्मा नाकाच्या शेंड्यावर, दोरा दातानं तोडायची, आणि तो तुटण्याचा बारीकसा टक् आवाज मला अजून ऐकू येतो. आळीतल्या बायका काम घेऊन जाताना विचारायच्या, "किती द्यायचे गं?" आणि मावशी दर वेळी म्हणायची, "द्या हो, काय द्यायचं ते." मग कोणी दहा रुपये ठेवायचं, कोणी ब्लाउजपीस, कोणी नुसतीच तोंडभर स्तुती. बायका गेल्यावर मावशी रेशमाच्या लडींची पावती काढून बघायची. आम्हाला वाटायचं केवढी निर्मोही! आई मात्र म्हणायची, "निर्मोही कसली, तिला आकडा उच्चारायची लाज वाटते." त्या फिल्म सोसायटीतल्या गृहस्थांना जी लाज वाटली नाही, तीच ती. चित्राची किंमत मोठ्यानं विचारली की आपण दचकतो, आणि रंगाची किंमत कोण भरत होतं हे तर कोणी विचारतच नाही. प्रोव्हो मला म्हणून जवळचा वाटतो. तो हा दुसरा प्रश्न सोडत नाही.

'व्हियोलेत'नंतरचे दोन सिनेमे चरित्रपट नाहीत, त्यांच्याबद्दल थोडक्यात. २०१७ चा 'साज फाम' एका सुईणीचा. कातरीन फ्रोची काटेकोर सुईण आणि कातरीन दनव्हची बेबंद, दारू पिणारी, पत्त्यांच्या अड्ड्यावर पैसे उडवणारी, मरणाला टेकलेली बाई. मागची गोष्ट अशी, की प्रोव्हो जन्मला तेव्हा त्याचा जीव धोक्यात होता आणि तिथल्या सुईणीनं स्वतःचं रक्त देऊन त्याला वाचवलं. त्याला हे पुष्कळ उशिरा, आईकडून कळलं. शोध घेतला तोवर ती गेलेली होती, म्हणून सिनेमा तिला अर्पण केला. त्यातली बाळंतपणं खरी आहेत. तान्ह्या बाळांचं चित्रण करायला फ्रान्समध्ये कायद्यानं बंदी, म्हणून त्यासाठी बेल्जियममध्ये जावं लागलं. फ्रो त्यासाठी रीतसर शिकली. ओल्या, निळसर, नाळेसकट बाळाला ती ज्या सवयीनं उलटं धरते ते बघताना मला पुन्हा त्या चादरीच आठवल्या. २०२० चा 'ला बॉन एपूझ' तसा हलकाफुलका. अल्सासमधली मुलींना गृहकृत्यं शिकवणारी शाळा, साल १९६७-६८, नवरा अचानक मरतो आणि मुख्याध्यापिका ज्युलिएत बिनोशला कळतं, की त्यानं शाळेचे पैसे जुगारात घालवले आहेत. फ्रान्समध्ये नवऱ्याच्या परवानगीवाचून बायकांना स्वतःच्या नावानं बँकेत खातं उघडता येऊ लागलं ते १९६५ च्या कायद्यानंतर, हे लक्षात ठेवून बघितलं तर त्यातल्या विनोदाला जरा धार येते. शेवटचं नाचगाणं मला अजिबात पटलं नाही. ११ मार्च २०२० ला प्रदर्शित झाला आणि चारदोन दिवसांत कोविडमुळे फ्रान्समधली सगळी थिएटरं बंद झाली, हे मात्र कोणाच्याही वाट्याला येऊ नये.

मग २०२३ मध्ये कान महोत्सवात त्याचा बोनारवरचा सिनेमा आला, आणि तो मी मोठ्या आशेनं पाहिला. प्येर बोनार, स्नानगृहांचा आणि उन्हाचा चित्रकार. आणि मार्त, जी त्याच्या शेकडो चित्रांतून टबात पडलेली, आरशासमोर उभी, जेवणाच्या टेबलाशी पाठमोरी अशी दिसते. ती त्याला १८९३ मध्ये भेटली तेव्हा कागदी-कापडी फुलं बनवणाऱ्या दुकानात काम करत होती. नाव सांगितलं मार्त द मेलिन्यी, वय सांगितलं सोळा. खरं नाव मारिया बूर्सें, वय चोवीस. हे खरं नाव बोनारला कळलं बत्तीस वर्षांनी, १९२५ मध्ये, लग्न नोंदवताना! त्याच वर्षी, लग्नानंतर काही आठवड्यांतच, रने मोंशाती या त्याच्या दुसऱ्या प्रेयसीनं जीव दिला. मार्त स्वतःही चित्रं काढायची. मार्त सोलांज या नावानं तिनं १९२४ साली पॅरिसमध्ये ती मांडलीही होती. प्रोव्होकडे हा विषय आला कसा, तर 'सेराफीन' बघून मार्तच्या नात्यातली एक बाई त्याच्याकडे गेली, की आमच्या या आजीवरही सिनेमा काढा.

म्हणजे आता तो स्वतःच ऊडे झाला होता. विसरल्या गेलेल्या बाया त्याच्या दारी यायला लागल्या होत्या.

आणि इथं तो मला कमी पडल्यासारखा वाटला. सेसिल द फ्रान्स आणि व्हॅन्सां माकेन दोघंही जीव ओतून काम करतात. नदीकाठचं घर, ऊन, होडी, उघड्या अंगानं गवतातून पाण्याकडे धावणारी जोडी, सगळं देखणं आहे. देखणं आहे हीच तक्रार. या सिनेमात कोणाचेच हात दुखत नाहीत. मार्त फुलांच्या दुकानात किती कमवायची, बोनारसाठी तासन् तास पोझ देताना त्या कमाईचं काय झालं, थंड टबात इतका वेळ पडून राहणं म्हणजे काय, यावर सिनेमा फारसा थांबत नाही. बोनारनं तिला कधी म्हातारी होऊ दिलं नाही. ती साठी ओलांडून गेली तरी टबातली बाई तरुणच राहिली. मला वाटत होतं प्रोव्हो त्या टबाच्या आत शिरेल, पाणी निवत चाललंय हे तरी सांगेल. पण तो बोनारच्या जागेवर उभा राहून बघतो, आणि तिथून दिसतं ते सुंदरच दिसणार. ज्या दिग्दर्शकाचं दिग्दर्शन दिसत नाही म्हणून मी त्याची बाजू घेत होते, त्याचं ते न दिसणं इथं मला खटकलं. मार्तच्या पेस्टल चित्रांची गोष्ट शेवटाकडे येते, तोवर आपण तिला बोनारच्याच नजरेनं बघायला सरावलेले असतो.

मार्त १९४२ च्या जानेवारीत वारली, दक्षिण फ्रान्समधल्या ल काने गावच्या घरात, बोनार जवळ असताना. सेराफीन त्याच वर्षीच्या डिसेंबरात गेली. हे दोन्ही मृत्यू एका वर्षाच्या दोन टोकांना आहेत हे कळल्यावर मी 'सेराफीन'चा शेवट पुन्हा लावून पाहिला, तोच, ज्यानंतर आम्ही सगळे गप्प झालो होतो. इस्पितळात ऊडे येतो. डॉक्टर सांगतात, ती आता चित्रं काढत नाही, तिला भेटू नका. मग तो तिला वेगळी खोली मिळवून देतो, बाहेर मोकळ्यावर उघडणाऱ्या दाराची. सेराफीन ते दार उघडते, खुर्ची उचलते आणि टेकडीवरच्या मोठ्या झाडाकडे चालत जाते. थिएटरात मी इथं रडले होते, आणि दुसऱ्यांदाही रडले, ते लपवत नाही.

पण खऱ्या ऊडेनं तिच्याबद्दल लिहिताना ती १९३४ साली वारली असं लिहून ठेवलं आहे. ती त्यानंतर आठ वर्षं जगली. त्या आठ वर्षांत एकही चित्र नाही. जर्मनांनी फ्रान्स व्यापला तेव्हा वेड्यांच्या इस्पितळांतला शिधा तोडला गेला आणि देशभरात हजारो रुग्ण उपासमारीनं मेले. त्याच दिवसांत ती गेली, सार्वजनिक खड्ड्यात पुरली गेली. प्रोव्होला हे ठाऊक नसेल असं होणार नाही. ज्यानं कोळशाचा, भाड्याचा, पांढऱ्या रंगाचा पै न् पै हिशेब दोन तास दाखवला, त्यानं शेवटची आठ वर्षं मात्र हिशेबातून वगळली आणि तिथं एक झाड उभं केलं. हा त्याचा दयाळूपणा, हे कळतं. दया सेराफीनवर केली की ऊडेवर, हे मला अजून ठरवता आलेलं नाही, आणि अलीकडे माझा कल ऊडेवर केली असं म्हणण्याकडे आहे. वेगळी खोली म्हणजे वेगळा खर्च, आणि तो कोणी केला याची पावती मला बघायची आहे.